दिवाळी ते मृग: घराचा सांगाडा आणि बाहेरचे काम कसे उभे करून घ्यावे

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या पट्ट्यात घर बांधायचे तर कॅलेंडर उलटे वाचावे लागते. जूनच्या पहिल्या आठवड्यात मृग लागतो. त्याआधी गच्चीला वॉटरप्रूफिंग, बाहेरच्या भिंतींना प्लास्टर आणि खिडक्यांना काचा हव्यात. तिथून मागे मोजत या. प्लास्टर मेमध्ये संपवायचे तर वीटकाम एप्रिलमध्ये आवरले पाहिजे. त्यासाठी दुमजली घराचा दुसरा स्लॅब मार्चअखेर पडायला हवा आणि पहिला जानेवारीच्या शेवटी. म्हणजे दिवाळी झाली की पायाची खुदाई सुरू. मध्ये गावची जत्रा, पाडवा, लग्नसराई येते आणि माणसे चार-आठ दिवस गायब होतात. ते दिवस आधीच धरून ठेवा.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची. सांगाड्याच्या कामात प्रत्येक टप्पा पुढच्या टप्प्याखाली गाडला जातो. सळई काँक्रीटखाली जाते, विटांचे सांधे प्लास्टरखाली जातात. म्हणून गुत्तेदाराशी करार करतानाच लिहून घ्या: इंजिनिअरने सळई पाहून सही केल्याशिवाय काँक्रीट नाही आणि मालकाला दाखवल्याशिवाय प्लास्टर नाही. पैशांचे हप्तेही तारखेवर न देता अशा तपासलेल्या टप्प्यांवर बांधा. झाकण्याआधी प्रत्येक कॉलमचा आणि बीमचा फोटो काढा, शेजारी टेप धरून.

जमीन आणि जोते

खानापूर आणि बेळगावच्या पश्चिमेला तांबडी जांभ्याची जमीन लागते, ती भार चांगला पेलते. अथणी, रायबाग, बैलहोंगल बाजूला काळी माती. ती पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते आणि तिच्यावर टेकलेले जोते वर-खाली होते. काळ्या रानात पाया कठीण मुरुमापर्यंत न्या, खोली इंजिनिअरला खड्ड्यात उतरून ठरवू द्या. खुदाईतून निघालेली काळी माती जोत्यात परत भरू नका, कितीही फुकट वाटली तरी. भरावाला मुरूम वापरा. सहा-आठ इंचांचा थर, पाणी, धुमस (ठोकून माती बसवायचे अवजार) किंवा कॉम्पॅक्टर, मग पुढचा थर. एकदम दोन फूट ओतून वरून पाणी सोडले तर वर्षा-दोन वर्षांत फरशी पोकळ वाजते.

जोते रस्त्याच्या मध्यापासून निदान दीड ते दोन फूट वर घ्या. रस्ता दर डांबरीकरणाला उंच होतो, जोते तिथेच राहते.

कॉलम आणि सळई

सळई घेताना वजन स्वतः काढता येते. मिलिमीटरमधल्या व्यासाचा वर्ग भागिले 162, म्हणजे एक मीटरचे किलो. 12 मिमीची सळई मीटरला 0.89 किलो भरते, 16 मिमीची 1.58. बारा मीटरच्या पाच सळया काट्यावर टाकून पाहा. फार हलक्या निघाल्या तर माल परत करा.

उभ्या सळयांना बांधणाऱ्या रिंगांकडे सगळ्यात जास्त लक्ष द्या, कारण फिटर, म्हणजे सळई बांधणारा, तिथेच वेळ वाचवतो. रिंगेचे हूक 135 अंशांत आत वळलेले हवेत. काटकोनात वाकवून सोडलेला हूक भार आला की उघडतो. कॉलम बीमला मिळतो त्या जागेच्या वर आणि खाली रिंगा जवळजवळ असतात, साधारण चार इंचांवर, आणि मधल्या भागात थोड्या लांब. नकाशातले अंतर एका लाकडी पट्टीवर खुणा करून फिटरच्या हातात द्या. कामाची भाषा कानडी असो की मराठी, पट्टीवरची खूण सगळ्यांना सारखीच वाचता येते.

जोडाची लांबी, म्हणजे लॅप, साधारण व्यासाच्या 50 पट. 12 मिमीला 600 मिमी, 16 मिमीला 800. सगळे जोड एकाच उंचीवर येऊ देऊ नका. कव्हर ब्लॉक, म्हणजे सळई आणि साच्यात अंतर ठेवणारे ठोकळे, कॉलमला 40 मिमी, फूटिंगला 50 मिमी, स्लॅबला 20 मिमी. विटेचे किंवा खडीचे तुकडे कव्हर म्हणून खपवून घेऊ नका. सळई गंजते ती अशाच जागी, आणि मग स्लॅबचे पोपडे सुटतात.

कॉलमच्या पेट्या, म्हणजे साचे, उभ्या झाल्या की ओळंबा लगतच्या दोन बाजूंवर लावा. एकाच बाजूला लावला तर दुसरीकडचा कल कळत नाही. पाच फुटांपेक्षा उंचावरून काँक्रीट टाकू नका, खडी खाली आणि गाळ वर असे वेगळे होते. पेटीच्या तळाला फट राहिली तर सिमेंटचे पाणी निघून जाते आणि पेटी काढल्यावर पायथ्याशी मधाच्या पोळ्यासारखी भोके दिसतात. अशी भोके दिसली की इंजिनिअर येईपर्यंत गवंड्याला थापी लावू देऊ नका. वरून गुळगुळीत केले की आतली पोकळी तशीच राहते.

स्लॅबचा दिवस

मिश्रणाचे प्रमाण, सिमेंट:वाळू:खडी, 1:1.5:3 म्हणजे एम-20 प्रतीचे काँक्रीट. पाच इंच जाडीच्या 1000 चौरस फूट स्लॅबला सुमारे 95 पोती सिमेंट, पावणेदोन ब्रास (एक ब्रास म्हणजे 100 घनफूट) वाळू आणि साडेतीन ब्रास खडी लागते. बीमचे वेगळे धरा. दहा टक्के जास्त माल आधीच येऊन पडलेला हवा. अर्ध्या स्लॅबवर खडी संपली की जिथे थांबू नये तिथे थांबावे लागते.

घमेल्यांनी, म्हणजे इकडच्या बुट्टीने, मोजू देऊ नका. बुट्टी कधी शीग लावून भरते, कधी अर्धी. 40 × 35 × 25 सेंटीमीटरचा फरमा, म्हणजे मापाची पेटी, करून घ्या. त्यात 35 लिटर मावतात, म्हणजे बरोबर एक पोते सिमेंट. पोत्यामागे दीड फरमा वाळू, तीन फरमे खडी. ओली वाळू फुगलेली असते, त्यामुळे तेवढ्याच फरम्यात खरी वाळू कमी येते. इंजिनिअरला विचारून थोडी वाढवा. पाणी पोत्याला 25 लिटरच्या आसपास, वाळू ओली असेल तर कमी. दिवसभर एक माणूस फक्त पाण्यापाशी उभा करा. काँक्रीट पातळ झाले की ओढायला सोपे जाते, म्हणून मिक्सरवाला मग्ग्यामागून मग्गा ओततो आणि तुमची ताकद त्या मग्ग्यातून वाहून जाते.

ओतण्यापूर्वी हे स्वतः पाहा:
- टेकूंखाली फळी आहे का. ताज्या भरावावर नुसता टेकवलेला टेकू पाणी लागले की बसतो आणि बीम मध्ये झोळ खातो.
- बीमजवळची वरची सळई खुर्च्यांवर, म्हणजे तिला उचलून धरणाऱ्या वाकवलेल्या सळयांवर, उभी आहे का. माणसे तिच्यावरून चालतात आणि ती तळाच्या जाळीवर जाऊन बसते. चालायला फळ्या टाका.
- गॅलरी आणि छज्जा यांची मुख्य सळई वरच्या बाजूला आहे का. बाहेर झुकलेल्या स्लॅबला ताण वरून बसतो. सळई खाली राहिली तर टेकू काढताच छज्जा उतरतो. याच एका चुकीने माणसे मेली आहेत, इथे कुणाचेही 'चालतंय' ऐकू नका.
- विजेच्या नळ्या दोन जाळ्यांच्या मधून गेल्या आहेत का.
- काँक्रीट हलवून घट्ट बसवणारा व्हायब्रेटर: दुसरा आणि त्याची सुई तयार आहे का.

मार्च-एप्रिलमध्ये सकाळी सहा-सातला सुरुवात करा. वळीव दुपारनंतर येतो, गारांसकट. तोपर्यंत पृष्ठभाग आवरलेला असावा आणि प्लास्टिक हाताशी असावे. व्हायब्रेटरची सुई उभी घाला, दर दीड फुटावर, पाच ते पंधरा सेकंद, मग सावकाश वर काढा. सुईने काँक्रीट पुढे ढकलू नये.

पृष्ठभाग थोडा आवळला की ओले पोते टाका. या दिवसांतले ऊन आणि वारा तासाभरात केसासारख्या भेगा पाडतात. दुसऱ्या दिवशी मातीची आळी घालून पाणी कोंडा. ओपीसी, म्हणजे साध्या, सिमेंटला निदान सात दिवस, पीपीसी, म्हणजे राख मिसळलेल्या सिमेंटला दहा. उन्हाळ्यात आम्ही चौदाच सांगतो. टँकरचा खर्च सिमेंटच्या हिशेबातच धरा.

टेकू काढण्याची घाई सेंट्रिंगवाल्याला (साचे-टेकू लावणाऱ्याला) असते, कारण त्याचे साहित्य पुढच्या साइटवर जायचे असते. साध्या सिमेंटला साडेचार मीटरपर्यंतच्या स्लॅबचे टेकू सात दिवस, त्याहून मोठ्याला चौदा. सहा मीटरपर्यंतच्या बीमला चौदा, पुढे एकवीस. पीपीसी असेल तर याहून थांबा. छज्जाचे टेकू सगळ्यात शेवटी, टोकाकडून भिंतीकडे काढत यावे.

भिंती

वीट चोवीस तास पाण्यात ठेवून वजन करा. कोरड्या वजनाच्या पाचव्या हिश्शाहून जास्त पाणी प्यायली तर ती भट्टी सोडा. खानापूर भागात जांभ्याचा चिरा मिळतो. तो खाणीतून मऊ निघतो आणि वाऱ्यावर कठीण होतो, म्हणून काढल्या-काढल्या लावू नये. नऊ इंची भिंतीला मसाला (सिमेंट:वाळू) 1:6, साडेचार इंचीला 1:4. वीट भिजवून लावा. दिवसाला चार फुटांहून जास्त उंची नको. वर बीमखाली बोटभर फट ठेवा आणि भिंत बसल्यावर आठवड्याने भरा, नाहीतर तिथे आडवी भेग ठरलेली.

पश्चिमेची भिंत

पावसाळी वारा नैऋत्येकडून येतो आणि जांबोटी-कणकुंबीकडे, खानापूरच्या घाटभागात, पाऊस भिंतीवर आडवा आदळतो. घराचे बाहेरचे काम ठरवताना पश्चिम आणि दक्षिण बाजूंना वेगळे वागवा. छज्जा तिथे दोन ऐवजी अडीच-तीन फूट घ्या, इंजिनिअरने त्या लांबीची सळई काढून दिल्यावरच.

प्लास्टरआधी कॉलम-बीम आणि वीट यांच्या सांध्यावर जाळी मारा, दोन्ही बाजूंना सहा-सहा इंच जाईल अशी. प्लास्टर धरावे म्हणून काँक्रीटला टाचे (छोटे खड्डे) मारा, विटेचे सांधे बोटभर खरवडा. बाहेरचे प्लास्टर दोन हातांत, मिळून 20 मिमी. पहिला हात 12 ते 15 मिमी, खरबरीत सोडलेला. तो पाण्यावर मुरला की दुसरा. एका दमात 20 मिमी थापले तर ते स्वतःच्या वजनाने सुटते.

पाणी आत येते ते बहुतेक लहान जागांतून. छज्जाच्या खालच्या कडेला पाणपट्टी, म्हणजे थेंब खाली सोडणारी खाच, नसेल तर थेंब मागे वळून भिंतीला लागतो. खिडकीचा खालचा दगड बाहेर उतरता हवा, प्लास्टरच्या दोन इंच पुढे आलेला आणि खाली खाच पाडलेला. चौकट आणि भिंतीमधली फट बाहेरून सीलंटने भरा, नुसत्या पांढऱ्या सिमेंटने नाही. कठड्याच्या माथ्याचा उतार गच्चीकडे द्या.

गच्चीला शंभरात एक उतार, कठड्याच्या मुळाशी वाटा (कोपऱ्यात गोलसर भरलेला सिमेंटचा उतार), आणि दर 400 चौरस फुटांना चार इंची एक पाइप, निदान दोन तरी. एक पाल्याने तुंबला तर दुसरा वाहतो. वॉटरप्रूफिंग झाल्यावर पाइपांची तोंडे बंद करून दोन इंच पाणी 48 तास कोंडा. खालून स्लॅब, बीमचे सांधे आणि पाइपाभोवतीचा भाग बॅटरी मारून बघा.

रंगाची घाई नको. प्लास्टर महिनाभर वाळू द्या. बाहेरचे काम संपल्यावर पहिला जोराचा पाऊस येऊन गेला की त्याच संध्याकाळी घरात फिरा, ओल दिसेल तिथे खडूने गोल करा आणि तारीख लिहा. गुत्तेदाराचा शेवटचा हप्ता ते गोल कोरडे झाल्यावर द्या.