जुनं फुटेज एडिटिंगच्या टाइमलाइनवर घेण्याआधी

जुनं चित्रीकरण जपणाऱ्या संग्रहाकडून पहिली क्लिप मागवण्याआधी एक तक्ता तयार करा. त्यात संग्रहाचं नाव, त्यांचा क्लिप क्रमांक, मूळ माध्यम (फिल्म की टेप), चित्रीकरणाचं ठिकाण आणि तारीख, हक्क कोणाकडे आणि आपण किती सेकंद वापरले, एवढे रकाने हवेतच. फाइलचं नाव बदललंत तरी संग्रहाचा क्रमांक त्यातून काढू नका. काही महिन्यांनी मास्टर, म्हणजे पूर्ण दर्जाची प्रत, मागवताना तोच धागा हाती असतो.

मग दृश्य खरंच तेच आहे का, ते तपासा. संग्रहातलं वर्णन कुणीतरी कधीतरी लिहिलेलं असतं, आणि ते चुकू शकतं. १९१६ च्या 'द बॅटल ऑफ द सॉम' या प्रसिद्ध चित्रपटातसुद्धा खंदकातून वर चढणाऱ्या सैनिकांचे काही शॉट मुद्दाम घडवून घेतलेले होते. म्हणून गणवेश, दुकानांच्या पाट्या, गाड्या, झाडांची पानं, सावल्या बारकाईने पाहा. शॉट दुसऱ्या दिवसाचा किंवा दुसऱ्या गावचा निघाला, तर कितीही सुंदर असला तरी त्या घटनेचा म्हणून लावू नका. पडद्यावर तसं लिहा, नाहीतर सोडून द्या. पडद्यावर दिसणारी माणसं कधीतरी खरोखर तिथे उभी होती, एवढं भान राहिलं की हा निर्णय अवघड जात नाही.

तांत्रिक बाजूला वेगापासून सुरुवात करा. मूकपटांच्या काळातलं चित्रीकरण बऱ्याचदा सेकंदाला १६ ते १८ फ्रेम्सच्या आसपास व्हायचं. ते २४ ने चालवलं की माणसं धावपळ करू लागतात. संग्रहाने वेग जुळवायला आधीच काही फ्रेम्स दुप्पट केल्यात का, हे विचारून घ्या. टेपवरचं फुटेज इंटरलेस्ड असेल, म्हणजे प्रत्येक फ्रेम एकाआड एक ओळींच्या दोन भागांत नोंदलेली असेल, तर डीइंटरलेस (ते भाग जोडून पूर्ण फ्रेम करणं) एकदाच आणि चांगल्या साधनाने करा. जुनं ४:३ चित्र रुंद १६:९ पडद्यात भरण्यासाठी ताणू नका, डोकीही कापू नका. बाजूला काळ्या पट्ट्या राहिल्या तर राहू द्या. फिल्म शिल्लक असेल, तर जुन्या टेपऐवजी तिचं नवं स्कॅन मागा.

हक्कांची चौकशी कट पक्का होण्याआधीच करा. कोणत्या माध्यमांसाठी, कोणत्या देशांत, किती वर्षं, आणि किमान किती सेकंदांचे पैसे लागतात? प्रत सांभाळणारा आणि हक्कांचा मालक वेगवेगळे असू शकतात. ध्वनिपट्टीवर गाणं असेल तर त्याची परवानगी वेगळी. नासाचं बहुतेक फुटेज कॉपीराइटमुक्त असतं, पण त्यातल्या ओळखू येणाऱ्या व्यक्ती आणि नासाचा लोगो यांचा विचार वेगळा करावा लागतो.

एडिटिंगला वॉटरमार्क (चित्रावर उमटवलेली संग्रहाची खूण) असलेले स्क्रीनर, म्हणजे फक्त पाहण्यापुरत्या कमी दर्जाच्या प्रती, पुरतात. पिक्चर लॉक झाल्यावर, म्हणजे कट पक्का झाल्यावर, वापरलेले सेकंद पुन्हा मोजा, दोन्ही टोकांना काही फ्रेम्स जास्त धरून मास्टर मागवा, आणि आलेली फाइल स्क्रीनरवर ठेवून पहिली आणि शेवटची फ्रेम जुळते का ते पाहा.