सोलापुरात माहितीपट करायचा असेल तर

माहितीपटाकडे वळणारी मुलंमुली आधी विचारतात, कॅमेरा कुठला घेऊ? मी उलट विचारते, तेलुगू येतं का? नसेल, तर येणारं कोण आहे सोबत? आपल्या पूर्व भागात यंत्रमागावरचा कामगार किंवा विड्या वळणारी बाई तुमच्याशी मराठीत चांगलं बोलते. पण मजुरी, नवऱ्याची दारू, मुलीची सुटलेली शाळा असा विषय निघाला की ती शेजारणीकडे वळून तेलुगूत बोलते. दुसऱ्या गल्लीत कन्नड, पलीकडे दखनी उर्दू. नुसत्या मराठीवर केलेल्या फिल्ममध्ये निम्मं सोलापूर गप्प बसलेलं दिसतं.

दुभाषा त्याच वस्तीतला घ्या, त्याला मानधन द्या, श्रेयनामावलीत नाव द्या.

संमतीचं काम सहीच्या कागदावर भागत नाही. विडीची मजुरी हजार विड्यांमागे मिळते आणि खराब म्हणून काढलेल्या विड्यांचे पैसे मिळत नाहीत. कारखान्यातून विडीसाठी मिळणारं पान वाईट आलं तर हजार भरतच नाहीत. ज्या बाईने याबद्दल तोंड उघडलं, तिला दुसऱ्या दिवशी पान कसलं मिळेल, हा विचार तुम्ही करायचा आहे. फिल्म यूट्यूबवर गेली की मालकही पाहील, हे तिच्या भाषेत सांगा. तिचा होकार रेकॉर्ड करा, आणि तिने नंतर नको म्हटलं तरी ऐका.

सेटलमेंट भागात, म्हणजे इंग्रजांनी ‘गुन्हेगार’ ठरवलेल्या जमातींना जिथे ठेवलं होतं त्या वस्तीत, जाणार असाल तर आणखी सावकाश जा. १८७१पासून चालत आलेल्या आणि पुढे बदलत गेलेल्या गुन्हेगार जमाती कायद्याने माणसांची नावं, बोटांचे ठसे आणि रोजची हजेरी घेतली. तो १९५२ साली रद्द झाला, पण ‘नाव सांगा, इकडे बघा’ हे शब्द तिथल्या म्हाताऱ्यांना कसे ऐकू येत असतील, याची जाणीव ठेवा. पहिले काही दिवस कॅमेरा घरीच राहू द्या. मला हे तंत्रापेक्षा महत्त्वाचं वाटतं. आणि वस्ती कुठलीही असो, लैंगिक अत्याचार झालेल्या मुलाची किंवा मुलीची ओळख उघड करायला पोक्सो कायद्याने मनाई आहे. चेहरा धूसर केला आणि शाळेची पाटी दिसू दिली, तर ओळख लपली नाही.

आवाजाचं थोडक्यात: माग सुरू असताना मुलाखत घेऊ नका. मागाचा आवाज वेगळा रेकॉर्ड करा आणि कॉलर माईकवर पैसे खर्च करा, लेन्स नंतर. शिकायचं असेल तर सोलापूर विद्यापीठात जनसंवाद विभाग आहे, पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट-शिक्षण संस्थेचे छोटे अभ्यासक्रम असतात. फक्त माहितीपटावर घर चालेल असं मात्र धरून चालू नका. लग्नाचं शूटिंग, संस्थांच्या फिल्म हे करावंच लागतं आणि त्यात कमीपणा नाही.

पहिलं प्रदर्शन महोत्सवात नको, वस्तीत करा, आणि तेही संकलन पक्कं होण्याआधी. वेळ बायकांना विचारून ठरवा, हॉल तळमजल्यावरचा घ्या. अनेक वयस्कर बायकांना कुठलीच लिपी वाचता येत नाही, तेव्हा नुसत्या मराठी उपशीर्षकांचा उपयोग नाही. तेलुगू निवेदनाचा वेगळा ट्रॅक लागतो. ऐकू न येणाऱ्यांसाठी मात्र अक्षरं हवीतच. कुणी म्हणालं, ‘माझं ते वाक्य काढा’, तर काढा. त्यासाठी अंतिम मिक्सिंगआधी, म्हणजे सगळे आवाज शेवटचे जुळवण्याआधी, दोन आठवडे मोकळे ठेवा आणि हा खर्च बजेटमध्ये पहिल्या दिवशीच लिहा.