लग्नात पानांच्या माळा टांगताय? आधी या चुका टाळा

सजावटीचा खर्च आवरण्यासाठी फुलं कमी करून पानं टांगायची, हा विचार मला मनापासून पटतो. पानं स्वस्त पडतात, फोटोत भरगच्च दिसतात आणि घरच्या चार हातांनी काम उरकतं. गेली काही वर्षं मी ओळखीच्यांच्या लग्नांत या कामाला जाते आणि दर वेळी त्याच त्या चुका निस्तराव्या लागतात. माळ कशी दिसेल यावर सगळ्यांची तासन्‌तास चर्चा झालेली असते. तिचं वजन किती भरेल आणि पाण्याशिवाय ती किती तास तग धरेल, हे मात्र कुणी विचारलेलं नसतं.

दोरी ताठ ओढणं

सगळ्यात घातक चूक हीच, म्हणून जरा सविस्तर सांगते.

मामेबहिणीच्या लग्नाच्या आदल्या संध्याकाळी मी हॉलवर पोचले, तेव्हा स्टेजच्या मागे सहा मीटरची माळ लावणं चाललं होतं. एका टोकाला भिंतीतला हूक, दुसऱ्या टोकाला लोखंडी स्टँड आणि मध्ये तंगूस, म्हणजे मासे पकडायचा नायलॉनचा दोरा. जुडी बांधली की माळ मध्ये खाली यायची आणि लगेच कुणीतरी टोकाकडून ओढून ती सरळ करायचं. झोल दिसता कामा नये, हा हट्ट. रात्री नऊला माळ पट्टीने आखल्यासारखी सरळ झाली. थोडी सैल सोडा, असं मी दोनदा सांगून पाहिलं; पण सगळे दमले होते आणि कुणालाच परत हात लावायचा नव्हता. सकाळी साडेसहाला दार उघडलं, तर हूक गिलाव्याच्या ढलप्यासकट बाहेर आलेला, स्टँड आत झुकलेला आणि माळ खुर्च्यांवर पडलेली. जिथे जिथे पानं दुमडली होती, तिथे काळ्या रेघा उठल्या होत्या.

हिशोब बघा. भिजवलेल्या पानांची दाट माळ मीटरला एक किलो धरली, तर सहा मीटरला सहा किलो. मध्ये फक्त १५ सेंटीमीटर झोल ठेवला, तर प्रत्येक टोकाला सुमारे ३० किलोचा ओढा बसतो. झोल ६० सेंटीमीटर केला की तोच ओढा साधारण ८ किलोवर येतो. आणि एवढा झोल द्यायला दोरी किती जास्त लागते? जेमतेम १६ सेंटीमीटर. वीतभर दोरीसाठी लोक भिंतीतला हूक उपटून घेतात.

माझा ठोकताळा असा: जेवढं अंतर, त्याच्या दहाव्या भागाइतका झोल. सरळ रेघच हवी असेल, तर दर मीटरला वरून आधार द्यायचा. माळ चढवण्याआधी रिकाम्या दोरीवर पाण्याच्या बाटल्या टांगून ठेवते. एक लिटरची भरलेली बाटली म्हणजे एक किलो. माळेच्या वजनाइतक्या बाटल्या, वर आणखी दोन, आणि रात्रभर तसंच. सकाळी दोरी जागची हलली नसेल, तरच माळ चढते. यात एक रात्र जाते म्हणून पुष्कळांचा विरोध असतो, पण त्या माळेखाली माणसं बसणार असतात. इथे मी ऐकून घेत नाही.

त्या सकाळी मी सिकेटरने, म्हणजे फांद्या छाटायच्या कात्रीने, माळेचे तीन तुकडे केले आणि स्टेजवरच्या लोखंडी तुळईला उभे टांगले. उभ्या तुकड्याचा भार म्हणजे त्याचं स्वतःचं वजन, दोन किलो, त्यापलीकडे काही नाही. पहिल्यांदाच काम करणाऱ्यांना मी तेव्हापासून उभ्या माळाच सुचवते.

तंगूस वापरायची तर तिची साधी गाठ सरकते, हे लक्षात ठेवा. हुकातून काढलेलं मोकळं टोक मूळ दोऱ्याभोवती पाच-सहा वेढे देऊन हुकाजवळच्या पहिल्या फटीतून परत ओवायचं, गाठ ओली करायची आणि मग आवळायची. शिवाय नायलॉन भाराखाली हळूहळू लांबतं. रात्री बरोबर वाटलेली उंची सकाळी चार बोटं खाली आलेली असते. जड माळेला मी काथ्याची दोरी किंवा बाइंडिंग तारच घेते. चिकटवायचे हूक दोन-चार सुट्या डहाळ्यांपुरते ठीक, तेही लावल्यावर तासभर रिकामे ठेवून.

तोडलं आणि बांधलं

ही दुसरी. फांद्या आल्या की त्या जमिनीवर पसरायच्या आणि लगेच जुड्या बांधायला बसायचं, असं जवळजवळ प्रत्येक घरात बघते. तोडलेल्या फांदीची पानं हवेत पाणी सोडत राहतात आणि टांगल्यावर तिला नवं पाणी मिळायचा प्रश्नच नसतो. म्हणजे टांगण्याआधी देठात जेवढं भरलं असेल, तेवढ्यावरच तिला पूर्ण दिवस काढायचा आहे.

म्हणून फांद्या पहाटे किंवा ऊन उतरल्यावर तोडायच्या. घरी आणल्यावर देठाचं टोक पुन्हा दोन बोटं कापायचं, कारण पहिल्या कापात हवा शिरून पाण्याची वाट अडलेली असते. काप तिरका द्यायचा, म्हणजे टोक बादलीच्या तळाला टेकून बंद होत नाही. पाण्यात बुडतील ती पानं काढून टाकायची, नाहीतर ती कुजून पाणी नासतं. मग स्वच्छ बादलीत, सावलीत, निदान चार ते सहा तास. मी तर रात्रभरच ठेवते. बादली पिकत्या फळांजवळ ठेवू नका. फळांतून इथिलीन वायू सुटतो आणि त्याने पानं पिवळी पडून गळतात.

फांदी तयार झाली हे हाताला कळतं. ती देठाशी धरून आडवी करा. शेंडा ताठ राहिला तर ठीक, मान टाकली तर परत बादलीत. कोवळे, पोपटी शेंडे मात्र कितीही भिजवले तरी सगळ्यात आधी लोळागोळा होतात, म्हणून मी ते सरळ खुडून टाकते.

यावर ठरलेलं उत्तर येतं: वरून पाणी फवारलं की झालं. फवाऱ्याने पान थोडा वेळ ओलं राहतं, वाळण्याचा वेगही जरा कमी होतो, पण रिकामा देठ त्याने भरत नाही. भिजवायचे सहा तास वाचवून फवारा घेऊन धावणाऱ्यांच्या माळा मी दुपारपर्यंत चिंध्यांसारख्या लोंबताना पाहिल्या आहेत.

पान कुठलं निवडता यावरही बरंच अवलंबून आहे. निलगिरी, रबर प्लांट, जून झालेली आयव्हीची वेल अशी जाड किंवा मेणचट पानं बराच वेळ टिकतात. नेच्याचं पान दिसायला फार सुंदर, पण पाण्याबाहेर ते लवकर कोमेजतं. त्याला बाटलीत ठेवून टेबलावर जागा द्या. कुणाच्या सांगण्यावर जाऊ नका, माझ्याही नाही. आठवडाभर आधी एक जुडी त्याच जागी, त्याच हवेत टांगा आणि दर दोन तासांनी बघा. रबर प्लांटचा चीक कपड्यांवरून निघत नाही, तेव्हा कापलेलं टोक चीक थांबेपर्यंत पुसत राहायचं. कण्हेर दिसायला कितीही चांगली असली तरी तिचा प्रत्येक भाग विषारी असतो. ती आणूच नका.

बाकीच्या

फुलं खोचायचा हिरवा फोम पाण्यात दाबून बुडवू नका. तो आपोआप बुडू द्यावा लागतो, नाहीतर आत कोरडा गाभा राहतो. २३ × ११ × ८ सेंटीमीटरची वीट भिजली की जवळजवळ दोन किलोची होते, हे ती तारेला बांधण्याआधी आठवा. फोम म्हणजे प्लास्टिकच आणि त्याचा भुगा मोरीतून वाहून जातो, म्हणून मी तो सोडला. ओल्या शेवाळाची पुरचुंडी षटकोनी भोकांच्या तारेच्या जाळीत गुंडाळली की तेच काम होतं.

माळेच्या प्रत्येक अर्ध्या भागात जुड्या एकाच दिशेने, पुढची मागचीचे देठ झाकेल अशा बांधायच्या. दोन्ही टोकांकडून मध्यावर या. तिथला जोड एका मोठ्या जुडीने झाका.

आग विझवायच्या फवाऱ्यांचे पाइप, विजेच्या वायरी आणि पंखा यांना काहीही बांधायचं नाही.

पानांत एलईडी माळच सोडा. तापणारे दिवे आणि खाली मेणबत्त्या नकोत. वाळलेली निलगिरी तेलामुळे भडकन पेटते.

ये-जा असेल तिथे माळेचं सगळ्यात खालचं टोक सात फुटांच्या वर हवं. चढायला घडीची शिडी आणा, प्लास्टिकची खुर्ची नको.

प्लास्टिकची पानं उंचावर खपून जातात, हात पोचेल तिथे नाही.

आणि पैसे कमी असताना सगळा हॉल सजवायचा मोह. २० मीटरची विरळ माळ चारही भिंतींवर फिरवली की मधून दोरी दिसते आणि काम अर्धवट सोडल्यासारखं वाटतं. तेवढीच पानं फक्त वधूवरांच्या मागे दाट लावा. बहुतेक फोटो तिथलेच निघतात आणि लोकांची नजरही तिथेच असते. प्रवेशाच्या दाराला उरलेलं थोडं. बाकीच्या भिंती मोकळ्या राहू द्यात. यावर घरात वाद होतो, दर वेळी होतो, पण मोकळी भिंत कुणाला खुपल्याचं मी अजून ऐकलेलं नाही.

काम संपल्यावर एक बादली फांद्या पाण्यातच राखून ठेवते. पाहुणे यायच्या तासभर आधी सिकेटर आणि सुतळी घेऊन सगळ्या माळांखालून एक फेरी मारायची आणि जिथे शेंड्याने मान टाकली असेल तिथली डहाळी तेवढी बदलायची. वीस मिनिटं पुरतात.