गाणं एक, खाती दोन: इंग्लंडमधल्या स्वतंत्र ब्लूज गायक-गीतकारासाठी

लेबल नाही, मॅनेजर नाही. गाणं स्वतः लिहायचं, स्वतः गायचं आणि स्वतःच विकायचं. असं असेल तर एक गोष्ट आधी पक्की समजून घ्या. एका गाण्यात दोन मालमत्ता असतात. शब्द आणि चाल मिळून झालेली रचना ही एक, आणि त्या रचनेचं रेकॉर्डिंग ही दुसरी. दोन्हींचा पैसा वेगळ्या संस्थेकडे जमा होतो. जिथे तुमची नोंद नाही तिथला पैसा तुम्हाला शोधत घरी येत नाही.

रचनेसाठी पीआरएस फॉर म्युझिकचं सभासदत्व घ्या. फी एकदाच भरायची: 100 पौंड, वय 24 किंवा कमी असेल तर 30. रेडिओ, पब, मैफल, स्ट्रीमिंग यांतला सादरीकरणाचा हिस्सा इथून येतो आणि वाटप वर्षातून चार वेळा होतं. प्रती काढण्याच्या हक्काचा पैसा, त्यात स्ट्रीमिंगचाही काही भाग, एमसीपीएस या दुसऱ्या संस्थेकडे जातो. त्याची नोंदणी आणि फी वेगळी. ऐकणारे अजून थोडे असतील तर ती फी वसूल व्हायला वेळ लागतो, म्हणून आधी पीआरएस.

रेकॉर्डिंगसाठी पीपीएल. इथे फी नाही, पण एक चूक फार महागात पडते. बरेच जण फक्त कलाकार म्हणून नाव नोंदवतात. रेडिओवर वाजलेल्या रेकॉर्डिंगच्या पैशातला निम्मा हिस्सा कलाकारांचा आणि निम्मा रेकॉर्डिंगच्या मालकाचा असतो. मालक तुम्हीच असाल तर दोन्ही भूमिकांत नोंद करा, नाहीतर तुमचाच निम्मा पैसा अडकून राहतो. स्ट्रीमिंगवरचा रेकॉर्डिंगचा पैसा मात्र पीपीएलकडून येत नाही, तो डिस्ट्रिब्युटर, म्हणजे तुमची गाणी स्पॉटिफायसारख्या सेवांवर पोचवणारी कंपनी, देतो.

स्टुडिओतून निघण्याआधी

खरी भांडणं इथे जन्माला येतात. 1988 च्या ब्रिटिश कॉपीराइट कायद्यानुसार रेकॉर्डिंगसाठी लागणारी सगळी व्यवस्था ज्याने केली, तो त्याचा निर्माता, आणि पहिला मालकही सहसा तोच. मित्राने स्वतःच्या स्टुडिओत, स्वतःच्या खर्चाने, प्रेमापोटी तुमची चार गाणी ध्वनिमुद्रित करून दिली, तर मालक कोण हा प्रश्न लगेच उभा राहतो. म्हणून रेकॉर्डिंगचे हक्क कोणाकडे राहतील हे एका कागदावर लिहा आणि दोघांनी सही करा.

दुसरा कागद रचनेतल्या हिश्श्यांचा. ब्लूजमध्ये ढाचा बहुतेकदा बारा बारच्या (बार म्हणजे सहसा चार मात्रांचा एक गट) ओळखीच्या चौकटीचाच असतो. त्यामुळे गाण्याला चेहरा देणारी ओळ अनेकदा हार्मोनिकावाला किंवा स्लाइड गिटारवालाच वाजवून जातो. ते नुसतं वादन की रचनेतला सहभाग? ‘अ व्हाइटर शेड ऑफ पेल’ हे गाणं 1967 चं. त्यातल्या हॅमंड ऑर्गनच्या सुरावटीसाठी ती वाजवणाऱ्या मॅथ्यू फिशर यांनी दावा केला, तो हाऊस ऑफ लॉर्ड्सपर्यंत (तेव्हाचं सर्वोच्च न्यायालय) गेला आणि 2009 मध्ये संगीताच्या हक्कातला 40 टक्के वाटा त्यांच्याकडे कायम राहिला. इतक्या वर्षांनीसुद्धा. तेव्हा त्याच संध्याकाळी प्रत्येक गाण्यापुढे नावं आणि टक्के लिहा, बेरीज 100 येऊ द्या. शून्य टक्के ठरले असतील तर तेही लिहा. सोबत प्रत्येकाचं पूर्ण नाव, वाद्य आणि पीआरएससारख्या संस्थेचा सभासद असेल तर त्याचा आयपीआय क्रमांक (गीतकार-संगीतकाराचा ओळख क्रमांक) घ्या. पीपीएलकडे वादकांची यादी भरताना नाव आणि वाद्य लागतं, आणि दोन वर्षांनी बेस कोणी वाजवला होता ते कोणालाच आठवत नाही.

आयएसआरसी

प्रत्येक रेकॉर्डिंगला 12 अक्षर-अंकांचा हा कोड लागतो. डिस्ट्रिब्युटर तो आपोआप देतो, किंवा पीपीएलकडून स्वतःचा उपसर्ग घेऊन तुम्ही कोड तयार करू शकता. आमच्या मते दुसरा मार्ग बरा, कारण मग सगळी वही तुमच्या हातात राहते. तेच रेकॉर्डिंग आधी सिंगल म्हणून आणि नंतर अल्बममध्ये आलं तर कोड तोच. नवं मिक्स, लाइव्ह आवृत्ती किंवा रेडिओसाठी छोटी केलेली प्रत असेल तर कोड नवा. डिस्ट्रिब्युटर बदलताना जुने कोड जसेच्या तसे भरा. नवे पडले तर स्ट्रीमिंगवरची जुनी मोजणी तुटते आणि तेच गाणं दोनदा दिसू लागतं.

प्रकाशनाआधीचा महिना

चार आठवडे आधी 24 बिट वेव्ह फाइल आणि 3000 बाय 3000 पिक्सेलचं मुखपृष्ठ डिस्ट्रिब्युटरकडे द्या. स्पॉटिफायच्या संपादकांकडे गाणं निदान सात दिवस आधी पाठवावं लागतं. तीन आठवडे हाताशी ठेवा. नव्या कलाकारांना रेडिओवर जागा देणाऱ्या बीबीसी इंट्रोड्यूसिंगवर अपलोड केलेलं गाणं तुमच्या पोस्टकोडप्रमाणे स्थानिक कार्यक्रमाकडे जातं, तेव्हा पत्ता खरा आणि चालू असू द्या. श्रोत्यांना थेट विक्री करता येणारी साइट बॅंडकॅम्प डिजिटल विक्रीवर 15 टक्के आणि वस्तूंवर 10 टक्के घेतं. थोडे पण जिवाभावाचे श्रोते असलेल्या कलाकाराला हा सौदा चांगला आहे. विनाइल काढणार असाल तर मिनिटाला 33⅓ फेऱ्यांच्या वेगाला एका बाजूस 20 मिनिटांच्या आसपास थांबा. त्याहून जास्त भरलं की खाचा अरुंद होतात, आवाजाची पातळी उतरते आणि बेस आधी जातो.

जुनं ब्लूज गाणं स्वतःच्या डिस्कवर घेणार असाल तर ते खरोखर पारंपरिक आहे का, हे तपासा. ‘पारंपरिक’ म्हणून गायल्या जाणाऱ्या बऱ्याच गाण्यांना गीतकार आहेत. तसं निघालं तर छपाईआधी एमसीपीएसचा परवाना काढा.

गिगची रात्र

पबने संगीताचा परवाना घेतलेला असतो, म्हणजे तुम्ही वाजवलेल्या गाण्यांसाठी पैसे आधीच भरलेले असतात. तिकीट लावलेल्या मोठ्या मैफलीत तर पीआरएस तिकिटांच्या उत्पन्नाच्या 4.2 टक्के घेतं. हा पैसा परत मिळवायचा एकच उपाय म्हणजे सेटलिस्ट कळवणं. घरी पोचताच पीआरएसच्या खात्यात तारीख, जागा आणि गाणी भरा. नाव नोंदणीत आहे तसंच लिहा. कागदावर ‘ट्रेन’, नोंदणीत ‘लास्ट ट्रेन नॉर्थ’ असं झालं की जुळणी चुकते. मध्येच सुचलेलं बारा बारचं वादन पुन्हा पुन्हा वाजवू लागलात तर त्यालाही नाव देऊन नोंदवा. दुसऱ्यांची गाणीही यादीत घाला, तो त्यांचा हक्क आहे.

करवर्ष 6 एप्रिल ते 5 एप्रिल. उत्पन्नातल्या पहिल्या 1,000 पौंडांवर व्यवसाय-सवलत मिळते, पण ती घेतली तर खर्च वजा करता येत नाही. तारा, दुरुस्ती, पेट्रोल, स्टुडिओचं भाडं मिळून त्याहून जास्त झालं असेल तर खर्च दाखवा आणि पावत्या गिगच्या तारखेनुसार लावून ठेवा. ऑनलाइन विवरणपत्राची शेवटची तारीख 31 जानेवारी.