स्थलांतरितांना झालेल्या विरोधाचा इतिहास कसा अभ्यासावा

परदेशातून आलेल्या माणसांना स्थानिकांनी केलेला विरोध हा विषय इतका विस्तृत आहे की तो अख्खा कवेत घ्यायला गेल्यास ‘लोकांना उपरे आवडत नाहीत’ यापलीकडे काहीच हाती लागत नाही. म्हणून एक प्रदेश आणि फार तर चार दशके निवडावीत. मराठी वाचकाने उत्तर अमेरिकेच्या पश्चिम भागापासून, म्हणजे साधारणपणे १८७५ ते १९१४ या काळापासून, सुरुवात करावी असे मी सुचवीन. रस्त्यावरचा विरोध कायद्यात कसा उतरला हे तेथे टप्प्याटप्प्याने दिसते. शिवाय ब्रिटिश सत्तेविरुद्धच्या ज्या गदर चळवळीत पांडुरंग खानखोजे आणि विष्णू गणेश पिंगळे सामील झाले, ती याच पश्चिम किनाऱ्यावर उभी राहिली.

दंगलीची तारीख सापडली की तिच्या मागची दहा वर्षे आधी वाचावीत. अमेरिकेतील वायोमिंगमधील रॉक स्प्रिंग्ज येथे २ सप्टेंबर १८८५ रोजी गोऱ्या खाणकामगारांच्या जमावाने किमान २८ चिनी खाणकामगारांना ठार मारले आणि त्यांची वस्ती जाळली. एवढेच वाचले तर हा निव्वळ वंशद्वेष वाटतो. परंतु १८७५ मध्ये त्याच खाणींत संप झाला होता आणि तो मोडण्यासाठी कंपनीने चिनी मजूर आणले होते, हे कळल्यावर चित्रात तिसरा पक्ष येतो, तो म्हणजे मालक. मजुरी खाली ओढली जात असल्याची गोऱ्या कामगारांची तक्रार खोटी नव्हती; मात्र तिचा रोख मजुरी ठरवणाऱ्यांकडून वळून, त्याच अंधारात कोळसा फोडणाऱ्या शेजाऱ्यावर गेला. तक्रारीचे कारण आणि तिचे लक्ष्य या दोन गोष्टी टिपणात वेगवेगळ्या लिहाव्यात, कारण या इतिहासातील बहुतेक गोंधळ त्या एकत्र केल्याने होतो. आणि कारण समजून घेणे म्हणजे हत्येला सूट देणे नव्हे. रॉक स्प्रिंग्जच्या एकाही हल्लेखोराला शिक्षा झाली नाही, हेही त्याच टिपणात आले पाहिजे.

त्यानंतर ज्यांच्यावर हल्ला झाला त्यांचे लेखन शोधावे. ते नसतेच असे गृहीत धरू नये. रॉक स्प्रिंग्जच्या वाचलेल्या चिनी कामगारांनी त्याच महिन्यात न्यूयॉर्कमधील आपल्या वाणिज्यदूताला सविस्तर निवेदन पाठवले आणि त्यावर साडेपाचशेहून अधिक जणांची नावे होती. पूर्वी चिनी कामगारांना इंग्रजी शिकवणाऱ्या स्त्रियाही लुटीच्या वेळी रुमाल वगैरे वस्तू शोधत होत्या, असा एक तपशील त्यात आहे. शिकवणारा आणि शिकणारा असे नाते असलेली माणसेही त्या दिवशी कोठे उभी होती, हे सरकारी अहवालातल्या आकड्यांतून कधीच कळले नसते.

पुढची पायरी म्हणजे घटनांची साखळी जोडणे, आणि ती जोडताना देशाची सीमा आड येऊ न देणे. ४ सप्टेंबर १९०७ रोजी अमेरिकेतील बेलिंगहॅम येथे काहीशे गोऱ्यांच्या जमावाने लाकूड गिरण्यांतील भारतीय कामगारांना, ज्यांत बहुतेक शीख होते, राहत्या जागांतून बाहेर काढले. थोड्याच दिवसांत हे कामगार गाव सोडून गेले. तीनच दिवसांनी कॅनडातील व्हँकूवर येथे आशियाई लोकांना प्रवेशबंदी मागणाऱ्या एशियाटिक एक्स्क्लूजन लीग या संघटनेच्या सभेनंतर जमाव चायनाटाउनवर आणि जपानी वस्तीवर चालून गेला. त्या सभेत सिएटलहून आलेल्या वक्त्याचेही भाषण झाले होते. या दोन घटना सुट्या वाचल्या तर दोन गावांची भांडणे वाटतात. एकत्र वाचल्या की त्यांमागची संघटना दिसते.

कायदा वाचताना तो काय म्हणतो यापेक्षा तो कोणाला लागू पडतो हे पाहावे. चिन्यांविरुद्धचे कायदे उघड होते: अमेरिकेने १८८२ मध्ये चिनी मजुरांना प्रवेशबंदी केली, तर कॅनडाने त्यांच्यावर बसवलेला डोईपट्टीसारखा कर १८८५ च्या ५० डॉलरवरून १९०३ पर्यंत ५०० डॉलरवर नेला. भारतीय मात्र ब्रिटिश साम्राज्याचे प्रजाजन असल्याने त्यांचे नाव घेऊन बंदी घालणे अडचणीचे होते. म्हणून १९०८ मध्ये कॅनडाने नियम केला की येणाऱ्याने मायदेशातून, तेथेच काढलेल्या तिकिटावर, वाटेत खंड न पाडता आले पाहिजे. या नियमात भारताचा उल्लेखही नाही. पण भारतातून थेट प्रवासाची सोयच उरली नव्हती. असा नियम भेटला की समकालीन जहाजांची वेळापत्रके आणि तिकीटविक्रीच्या नोंदी पाहाव्यात. २३ मे १९१४ रोजी व्हँकूवरला पोहोचलेल्या कोमागाता मारू या जहाजावरील ३७६ भारतीय प्रवाशांपैकी मोजक्यांनाच उतरू दिले गेले, आणि दोन महिने बंदरात अडकून पडलेले ते जहाज २३ जुलैला परत फिरवण्यात आले. ते कलकत्त्याजवळ बजबज येथे आल्यावर झालेल्या गोळीबारात अनेक प्रवासी मरण पावले.

साधने घरबसल्या मिळतात. लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या ‘क्रॉनिक्लिंग अमेरिका’ या संग्रहात तत्कालीन वृत्तपत्रे विनामूल्य वाचता येतात, तर ब्रिटिश कोलंबिया विद्यापीठाने त्या प्रांताची जुनी वृत्तपत्रे खुली केली आहेत. शोध घेताना ‘शीख’ किंवा ‘भारतीय’ एवढ्यावर थांबू नये, कारण त्या काळी तेथे धर्म कोणताही असला तरी सर्व भारतीयांना ‘हिंदू’च म्हणत. बातमीतील आकडे घेताना तर विशेष सावध राहावे. ‘लोंढा’, ‘पूर’ असे शब्द आले की त्या वर्षीचे प्रत्यक्ष आगमनाचे सरकारी आकडे शेजारी मांडून पाहावेत.

सर्वांत दुर्लक्षित भाग बंदी उठण्याचा असतो. ती का उठली आणि किती उठली, हे दोन्ही प्रश्न विचारावेत. अमेरिकेने चिन्यांवरील बंदी १९४३ मध्ये उठवली ती चीन युद्धातील मित्रराष्ट्र होता म्हणून, आणि वार्षिक मर्यादा ठेवली १०५ जणांची. भारतीयांना १९४६ मध्ये वर्षाला १०० जागा मिळाल्या. ब्रिटिश कोलंबियातील भारतीयांना मतदानाचा हक्क परत मिळायला १९४७ उजाडले, आणि कोमागाता मारूबद्दल कॅनडाच्या संसदेत पंतप्रधानांनी माफी मागितली ती मे २०१६ मध्ये.