पंपाची डेटाशीट भरताना: रिकामा रकाना म्हणजे शून्य नव्हे

शिरोली, गोकुळ शिरगाव किंवा कागलच्या एमआयडीसीत पंपांच्या एन्क्वायऱ्या हाताळायला नव्याने लागलात, की एक्सेलची डेटाशीट पुढ्यात येतेच. तिचे दोन भाग असतात. द्रव, तापमान, फ्लो, हेड (द्रव किती मीटर उंच ढकलायचा ते), सक्शनची म्हणजे पंपात द्रव ओढणाऱ्या बाजूची मांडणी हे ग्राहकाने सांगायचे; कार्यक्षमता, इंपेलरचा (आतल्या फिरत्या पात्यांच्या चाकाचा) व्यास, एनपीएसएचआर (द्रवाची आत वाफ होऊ नये म्हणून पंपाला सक्शनला लागणारा दाब, मीटरमध्ये) हे पंपवाल्याने. पहिला भाग अर्धवट असताना पंप निवडायला घेऊ नका.

फ्लो कुणी लिटर प्रति सेकंदात देतो, कुणी घनमीटर प्रति तासात. पहिल्याला ३.६ ने गुणले की दुसरा मिळतो. एककाचा रकाना वेगळा ठेवून त्याला ड्रॉपडाउन लावा.

सगळ्यात जास्त वेळ द्यायचा तो एनपीएसएचएला, म्हणजे सक्शनला प्रत्यक्षात मिळणाऱ्या दाबाला; तो एनपीएसएचआरपेक्षा जास्त हवा. समुद्रसपाटीला हवेचा दाब पाण्याच्या १०.३ मीटर उंचीएवढा असतो. कोल्हापूर साडेपाचशे मीटरच्या आसपास उंचीवर, म्हणून इथे ९.७ धरा. त्यातून वजा करा: सक्शन लिफ्ट (पाण्याच्या पातळीपासून पंपाची उंची) ३ मीटर, पाइप आणि फूट व्हॉल्व्हमधले (पाइपच्या तळाच्या झडपेतले) घर्षण ०.८, ३५ अंशाच्या पाण्याचा बाष्पदाब ०.६, उरले ५.३ मीटर. हेच पाणी साखर कारखान्यातले ८० अंशाचे कंडेन्सेट (वाफ थंड होऊन झालेले पाणी) असेल, तर बाष्पदाबच ५ मीटर खातो आणि हातात जेमतेम १ मीटर राहतो. अशा ठिकाणी टाकी पंपाच्या वर हवी.

आता बाष्पदाबाचा रकाना कुणी कोराच ठेवला, तर एक्सेल तो शून्य धरते आणि बिनतक्रार ५.९ मीटर दाखवते. पंप बसतो, आत खडे फिरल्यासारखा आवाज येतो, इंपेलरच्या पात्यांना खड्डे पडतात. म्हणून सूत्रात आयएसब्लँकची (रकाना कोरा आहे का ते तपासणाऱ्या फंक्शनची) अट घाला: एकही रकाना कोरा असेल तर आकड्याऐवजी ‘माहिती अपुरी’ दिसले पाहिजे. ही अट आम्ही सक्तीची मानतो.

पॉवरला घनता विसरू नका. फ्लो तासाला १०० घनमीटर, हेड ४० मीटर, ७० टक्के कार्यक्षमता: पाण्याला १५.६ किलोवॅट, २५ टक्के मार्जिन धरून २२ ची मोटर. पाण्याच्या १.२८ पट घनतेच्या सिरपला तेच २० किलोवॅट होतात आणि मोटर ३० वर जाते. चिकटपणामुळे कार्यक्षमता घटते, ते आणखी वेगळे.

नोझलचा (पाइप जोडायच्या तोंडाचा) आकार १/२ लिहिला की एक्सेल त्याची तारीख करून टाकते. तो रकाना आधीच टेक्स्ट करा आणि सूत्रांचे रकाने लॉक करूनच शीट बाहेर पाठवा.