ईस्टरच्या आठवड्यासाठी त्यागाचे चित्रपट कसे निवडावेत आणि कसे पाहावेत

प्रायश्चित्तकाळ (ईस्टरपूर्वीचा उपवास-प्रार्थनेचा काळ) संपत आला की येणारा पवित्र आठवडा ख्रिस्ती कुटुंबांत उपासनेचा असतोच. पण सुट्टीमुळे घरातली सगळी माणसे त्याच दिवसांत एकत्र येतात आणि एखाद्या संध्याकाळी सगळ्यांनी मिळून चित्रपट पाहावा अशी इच्छाही होते. बहुतेक वेळा शोधताना जो धार्मिक चित्रपट सर्वांत आधी समोर येतो तोच लावला जातो, आणि अर्ध्या तासात कोणी मोबाइल हातात घेतो तर कोणी घाबरलेल्या मुलाला दुसऱ्या खोलीत नेतो. आठवडाभर आधी थोडी तयारी केली तर ही फसगत टळते. ती तयारी कशी करावी हे पुढे क्रमाने सांगितले आहे. ख्रिस्ती नसलेल्या, पण त्यागाच्या कथांविषयी आस्था असलेल्या वाचकांनाही हा क्रम उपयोगी पडेल.

पहिली पायरी : त्याग आणि सोसणे यांतला फरक ठरवून घ्यावा

चित्रपटांची यादी करण्यापूर्वी एक कसोटी मनाशी ठरवावी. कथेतल्या माणसाला सुटून जाण्याची वाट मोकळी होती का, आणि ती मोकळी असताना त्याने ती नाकारली का, हा प्रश्न प्रत्येक चित्रपटाला विचारावा. ज्याला पर्यायच नव्हता त्याच्या दुःखाने डोळे भरून येतील, परंतु ते दुःख त्याच्यावर लादलेले असते. आपल्याकडच्या अनेक कौटुंबिक चित्रपटांत सून शेवटपर्यंत छळ सोसते आणि त्यालाच त्याग म्हटले जाते. माझ्या मते हा शब्द तिथे वापरणे तिच्यावरचा आणखी एक अन्याय आहे.

या कसोटीमुळे रक्तपाताचे वजनही आपोआप कमी होते. मेल गिब्सन यांचा २००४ सालचा ‘द पॅशन ऑफ द ख्राइस्ट’ ईस्टरच्या सुमारास हमखास सुचवला जातो. तो अरामी, हिब्रू आणि लॅटिन भाषांत आहे, त्याची बांधणी ताकदीची आहे, पण त्यातल्या फटक्यांच्या दृश्यांची लांबी आणि तीव्रता इतकी आहे की पाहणाऱ्याचे लक्ष निर्णयावरून जखमांकडे वळते. अटकेपूर्वी ख्रिस्त प्रार्थना करतो तो गेथशेमाने बागेतला सुरुवातीचा प्रसंग हा खरा त्यागाचा प्रसंग आहे, आणि शेवटी आठवणीत मात्र चाबूकच उरतो. मोठ्यांनी तो जरूर पाहावा. लहान मुलांसमोर लावू नये.

दुसरी पायरी : मोजकेच चित्रपट घ्यावेत आणि त्यांची वारांशी सांगड घालावी

एका आठवड्यात तीन चित्रपट पुरेसे होतात. गुरुवार, शुक्रवार आणि रविवार या तिन्ही दिवसांचा भाव वेगळा असल्यामुळे चित्रपटही त्या त्या भावाचा निवडावा.

पवित्र गुरुवार हा शेवटच्या भोजनाचा दिवस आहे. त्या संध्याकाळसाठी झाविए बोव्हुआ यांचा ‘ऑफ गॉड्स अँड मेन’ हा २०१० सालचा फ्रेंच चित्रपट मला सर्वांत योग्य वाटतो. अल्जीरियातल्या तिबिरीन येथील त्रापिस्त (कॅथलिक संन्यासी संघाच्या) मठातल्या सात मठवासीयांचे मार्च १९९६ मध्ये, ऐन प्रायश्चित्तकाळात, अपहरण झाले आणि पुढे त्यांचा मृत्यू झाला; २०१८ मध्ये ओरान येथे त्यांना धन्यवादित (संतपदाच्या आधीची पायरी) घोषित करण्यात आले. चित्रपट या घटनेकडे अतिशय संथपणे जातो. देश सोडून जावे की राहावे, यावर मठवासी एकत्र बसून चर्चा करतात. काहींना भीती वाटते, ते ती बोलून दाखवतात, आणि पहिल्या बैठकीत एकमत होत नाही. एक मठवासी गावकऱ्यांना म्हणतो की आम्ही फांदीवर बसलेल्या पक्ष्यांसारखे आहोत, तेव्हा गावातली एक मुसलमान स्त्री उत्तर देते की पक्षी आम्ही आहोत, फांदी तुम्ही आहात. राहण्याचा निर्णय कुठल्या मोठ्या तत्त्वातून येत नाही, तो अशा शेजारधर्मातून हळूहळू पिकतो. अखेरीस सगळे एका मेजाभोवती बसतात, वैद्यकी करणारे वृद्ध ब्रदर ल्यूक वाइनच्या दोन बाटल्या आणतात, टेपवर चायकोव्हस्कीचे संगीत लावतात आणि कॅमेरा एकेका चेहऱ्यावरून फिरत जातो. या दृश्यात कोणी काही बोलत नाही. मृत्यूचा क्षण चित्रपटात दाखवलेलाच नाही, ही त्याची फार मोठी सभ्यता आहे.

गुड फ्रायडेला दुपारची उपासना आणि क्रुसाची वाट (ख्रिस्ताच्या क्रुसापर्यंतच्या प्रवासाची प्रार्थना) झाल्यावर मन थकलेले असते, म्हणून त्या रात्री मूकपट पाहावा. कार्ल थिओडोर ड्रायर यांचा १९२८ सालचा ‘द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क’ साधारण दीड तासाचा आहे आणि तो इंग्रजांविरुद्ध लढलेल्या फ्रेंच तरुणी जोनच्या खटल्याच्या प्रत्यक्ष नोंदींवर आधारलेला आहे. १४३१ मध्ये रूआं येथे तिला जाळण्यात आले. आपली कसोटी इथे नेमकी उपयोगी पडते : आगीच्या भीतीने जोन एकदा माफीपत्रावर सही करते, तिचा जीव वाचतो, आणि मग तुरुंगात केस कापले जात असताना तिला आपण काय केले ते उमगते व ती आपली सही मागे घेते. तोपर्यंत ती केवळ छळ सोसणारी मुलगी होती. त्याग सुरू होतो तो सुटका हातात आल्यानंतर. जोनची भूमिका करणाऱ्या फाल्कोनेती या अभिनेत्रीचा चेहरा जवळून पाहताना शब्दांची उणीव भासत नाही. या चित्रपटाची मूळ निगेटिव्ह जळून गेली होती आणि १९८१ मध्ये नॉर्वेतल्या एका मनोरुग्णालयात त्याची चांगली प्रत सापडली, म्हणून आज तो मूळच्या जवळच्या रूपात आपल्याला पाहता येतो. वेगवेगळ्या प्रतींना वेगवेगळे संगीत जोडलेले आढळते. शुक्रवारी आवाज पूर्ण बंद करून पाहावा, अशी माझी सूचना आहे. पहिली दहा मिनिटे अवघड जातात, पुढे जात नाहीत.

शनिवारी काहीही लावू नये. रात्रीच्या पास्काविधीपर्यंत (ईस्टरच्या पूर्वरात्रीच्या उपासनेपर्यंत) तो दिवस रिकामाच असतो आणि तसाच राहू द्यावा.

तिसरी पायरी : घरातल्या माणसांचा विचार करावा

मुले आठ-दहा वर्षांची असतील तर ‘द क्रॉनिकल्स ऑफ नार्निया’ मालिकेतला २००५ सालचा पहिला चित्रपट चालतो. विश्वासघात केलेल्या एडमंडच्या बदल्यात अस्लान हा सिंह स्वतःला चेटकिणीच्या हवाली करतो. ते दृश्य लहानांना घाबरवू शकते, त्यामुळे त्या वेळी मोठ्या माणसाने जवळ बसावे, आणि अर्थ लगेच समजावून सांगू नये. मुले साम्य स्वतः ओळखतात.

उपशीर्षके वाचणे ज्येष्ठांना कठीण जाते. त्यांच्यासाठी १९७८ सालच्या ‘करुणामयुडु’ या तेलुगू ख्रिस्तचरित्रपटाची ‘दयासागर’ ही हिंदी आवृत्ती शोधावी. ए. भीमसिंग यांच्या दिग्दर्शनात विजयचंदर यांनी ख्रिस्ताची भूमिका केली आहे, आणि भाषा कानाला परकी वाटत नाही.

हाताशी तीन तास असतील आणि सगळे प्रौढ असतील तर टेरेन्स मॅलिक यांचा २०१९ सालचा ‘अ हिडन लाइफ’ एखाद्या दिवशी जोडता येईल. फ्रान्झ येगरश्टेटर या ऑस्ट्रियन शेतकऱ्याने हिटलरच्या नावाने शपथ घ्यायला नकार दिला आणि ९ ऑगस्ट १९४३ रोजी त्याला मृत्युदंड देण्यात आला. तुझ्या नकाराने काही बदलणार नाही, तो कोणाला कळणारही नाही, असे त्याला पुन्हा पुन्हा सांगितले जाते. परंतु चित्रपट पाहताना पत्नी फानीकडे अधिक लक्ष द्यावे. तीन मुली, शेती आणि गावाने टाकलेला बहिष्कार हे सगळे तिच्या वाट्याला आले. २००७ मध्ये फ्रान्झला धन्यवादित घोषित केले गेले तेव्हा ती हयात होती.

चौथी पायरी : मराठी प्रेक्षकाने झावळ्यांच्या रविवारी एक छोटी सुरुवात करून घ्यावी

झावळ्यांचा रविवार म्हणजे ईस्टरच्या आधीचा रविवार. हे ऐच्छिक आहे, पण मी ते आवर्जून सुचवतो. दादासाहेब फाळके यांनी १९१०-११च्या सुमारास मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरचा एक मूकपट पाहिला, आणि पडद्यावर ख्रिस्त सरकत असताना त्यांना राम आणि कृष्ण दिसू लागले. त्यातून ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला. ख्रिस्तचरित्राने चेतवलेल्या या माणसाने पहिल्या चित्रपटासाठी राज्य, पत्नी आणि पुत्र देऊन टाकणाऱ्या राजाची कथा घेतली. त्या चित्रपटाचा उपलब्ध भाग थोडाच आहे, तो सहज पाहून होतो.

त्यानंतर घरात एक प्रश्न टाकावा : सगळे परत मिळेल हे हरिश्चंद्राला ठाऊक होते का? आठवडाभराच्या इतर चित्रपटांनाही हा प्रश्न लावता येतो. आणि सरस्वतीबाई फाळके यांचे नाव त्याच वेळी घ्यावे. त्यांनी चित्रपटासाठी दागिने दिले, फिल्मला भोके पाडली, सगळ्या मंडळींसाठी स्वयंपाक केला, आणि पडद्यावर त्या कुठेच दिसत नाहीत.

पाचवी पायरी : पाहण्याची व्यवस्था आणि नंतरचे बोलणे

बुधवारपर्यंत प्रत्येक चित्रपट कुठे उपलब्ध आहे, कोणत्या भाषेत आहे आणि उपशीर्षके नीट चालतात का, हे स्वतः पाच मिनिटे लावून तपासावे. मोबाइल दुसऱ्या खोलीत ठेवावेत. चित्रपट संपल्यावर श्रेयनामावली पूर्ण होईपर्यंत दिवा लावू नये आणि ‘आवडला का?’ असे विचारू नये. थोड्या वेळाने, वाटल्यास, तीन गोष्टी विचाराव्यात : कोणी काय सोडले, ते कोणाला कळले, आणि त्याची किंमत आणखी कोणी मोजली.

सहावी पायरी : ईस्टरच्या दुपारी जेवण आणि चित्रपट एकत्र आणावेत

रविवारसाठी गॅब्रिएल ॲक्सेल यांचा १९८७ सालचा ‘बॅबेट्स फीस्ट’ राखून ठेवावा. परदेशी भाषेतील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर मिळवणारा हा पहिला डॅनिश चित्रपट. पॅरिसमधल्या १८७१च्या रक्तपातातून जीव वाचवून आलेली बॅबेट डेन्मार्कमधल्या जटलंडच्या किनाऱ्यावर दोन धर्मनिष्ठ बहिणींकडे वर्षानुवर्षे बिनपगारी स्वयंपाक करते. तिला लॉटरीत दहा हजार फ्रँक मिळतात. ती आता निघून जाणार असे सगळ्यांना वाटते. जाण्याची वाट खरोखरच मोकळी असते. ती मात्र बहिणींच्या दिवंगत वडिलांच्या शंभराव्या जन्मदिनी एक फ्रेंच भोजन रांधण्याची परवानगी मागते. मेजावर बारा माणसे बसतात. जेवणाविषयी चकार शब्द काढायचा नाही असे गावकऱ्यांनी भीतीपोटी ठरवलेले असते, आणि तरीही एकेका घासाबरोबर त्यांची जुनी भांडणे सैल होत जातात. बॅबेट स्वतः त्या मेजावर एकदाही बसत नाही. सगळे पैसे त्या एका जेवणात संपले, हे बहिणींना शेवटी कळते.

हा चित्रपट जेवणाआधी लावावा, कारण तो पाहताना भूक लागते. सणाचा स्वयंपाक सकाळीच उरकून झाकून ठेवावा, आणि ज्या व्यक्तीने तो केला असेल तिला पडद्यासमोरची सर्वांत चांगली जागा द्यावी. नंतर ताटे वाढण्याचे काम इतरांनी करावे आणि तिला सर्वांबरोबर पहिल्या पंगतीत बसवावे.